अकरा होमरन आणि एक फ्लेक्स

बेसबॉलच्या एका सामन्यात एकाच खेळाडूने अकरा होमरन मारण्याचा पराक्रम नवीन पनवेलमधल्या आमच्या वन बीएचके फ्लॅटमध्ये घडलेला आहे, आणि त्यापायी माझी मुलगी माझ्याशी बोलत नाही.

ज्यांना बेसबॉल कळत नाही (म्हणजे पनवेलपासून उरणपर्यंत सगळ्यांना) त्यांनी होमरन म्हणजे आपला षटकार समजावा. अमेरिकेतल्या सगळ्यात मोठ्या लीगमध्ये आजवर एका सामन्यात एका खेळाडूला चारच मारता आलेत. चारच्या वर कुणीही गेलेलं नाही. हे ज्ञान मला माझ्या मुलीने, प्रणालीने दिलं. मी तेव्हा ड्रॉवरमध्ये लाईटबिल शोधत होतो.

"बाबा, अकरा झाले."

"काय अकरा?"

"होमरन. एका मॅचमध्ये, एकाच प्लेअरचे. खऱ्या बेसबॉलमध्ये रेकॉर्ड चारचं आहे. बघा ना, स्क्रीनवर आलंय."

"बरं. त्या ऐरोलीच्या कंपनीला मेल केलास?"

"केला," ती म्हणाली आणि तिने टीव्ही बंद केला.

मी स्क्रीनकडे मान वळवून बघितलंही नाही. हे पुढे फार महाग पडलं, म्हणून आधीच कबूल करून टाकतो.

प्रणाली इंजिनिअर आहे. दीड वर्ष नोकरी केली, मग कंपनीने तिचा अख्खा विभागच बंद केला. तेव्हापासून सात महिने ती घरी होती. सकाळी अर्ज पाठवायचे आणि दुपारी पहिल्या पगारातून घेतलेल्या, टीव्हीला जोडायच्या यंत्रावर व्हिडिओ गेम खेळायचा. तोही क्रिकेटचा नाही, बेसबॉलचा! आगरी घरात जन्मून क्रिकेट सोडून बेसबॉल खेळणं म्हणजे आगरी घरात जन्मून मासे न खाण्यासारखं आहे. (तेही ती खात नाही.) लिफ्टमध्ये शेजारी विचारायचे, "प्रणाली सध्या काय करते?" मी म्हणायचो, "घरूनच काम असतं तिचं." बायको माझ्याकडे बघायची आणि मी मजल्यांचे आकडे वाचायचो. खरं सांगायचं तर मला तिची लाज वाटत होती. तिची नोकरी जाण्यात तिचा काही दोष नव्हता, हे मला कळत होतं. तरी वाटत होती.

त्यात माझा धाकटा भाऊ हरेश. तो उलव्याजवळ आमच्या गावातच राहतो. त्याचे दोन जेसीबी आहेत आणि एक मुलगा आहे, रोशन. रोशन दहावीला दोनदा बसला आणि दोन्ही वेळा बसलेलाच राहिला. पण टेनिस बॉलच्या स्पर्धेत त्याने मॅन ऑफ द सिरीज होऊन मोटरसायकल जिंकली. त्या मोटरसायकलवर मी कधी बसलेलो नाही, पण तिची अख्खी जन्मकुंडली मला पाठ आहे. दर लग्नात, बारशाला आणि दहाव्याला ती मला ऐकवली जाते.

आमच्याकडे लग्नाला नाही गेलात तर एक वेळ चालतं, हळदीला जावंच लागतं. तर अशाच एका हळदीला आम्ही दोघे भाऊ प्लास्टिकच्या खुर्च्यांवर बसलो होतो. डीजे असा वाजत होता की ताटातला रस्सा हलत होता.

"दादा, रोशन्याने परत काम केला," हरेश माझ्या कानाजवळ तोंड आणून म्हणाला. "एका म्याचमंदी सात शिक्स. सात!"

"वा."

"आन आपली प्रणाली काय करते सध्या?"

हे त्याने खवचटपणे विचारलं असतं तर मी सोडून दिलं असतं. पण हरेश खवचट नाही. तो मनापासून चौकशी करतो आणि तेच माझ्याच्याने सोसवत नाही.

"ती बेसबॉल खेळते," मी म्हणालो. "परवा एका सामन्यात अकरा होमरन मारले. जगाचा विक्रम चारचा आहे."

तीन वाक्यं. तिन्ही खरी. कोर्टातसुद्धा मी शपथेवर सांगेन. चौथं वाक्य, 'हे व्हिडिओ गेममध्ये,' असं होतं. ते मी मटणाच्या रश्शाबरोबर गिळलं.

हरेशने ताट खाली ठेवलं. त्याच्या डोळ्यांत पाणी आलं होतं. "दादा, जगाचा इक्रम आपल्या घरान आला आन तू आता सांगतोस?" तो म्हणाला आणि हळदीच्या हातांनीच त्याने मला मिठी मारली. शर्टावरचे ते डाग अजून गेलेले नाहीत.

तिसऱ्या दिवशी सकाळी गावच्या नाक्यावर फ्लेक्स लागला. त्याचा फोटो बायकोच्या मोबाईलवर आला. प्रणालीचा साखरपुड्यातला फोटो (तिच्या नव्हे, चुलत बहिणीच्या), अंगावर पैठणी, केसांत गजरा आणि हातात चिकटवलेली बॅट. तीही क्रिकेटची! वर लिहिलं होतं, 'जगाचा विक्रम मोडणारी गावची वाघीण.' खाली शुभेच्छुकांची रांग आणि रांगेत सगळ्यात वर मी, गॉगल लावून. मी आयुष्यात कधी गॉगल लावलेला नाही. तो तिथल्या फ्लेक्सवाल्याने स्वखुशीने लावला होता.

प्रणालीने फोटो मोठा करून पाहिला.

"बाबा, हे काय आहे?"

"काकाचा उत्साह, दुसरं काय."

"पण हे गेममधलं आहे, हे तुम्ही त्यांना सांगितलंय ना?"

"अगं, सांगतो ना."

"सांगतो की सांगितलंय?"

"सांगितलंय गं," मी म्हणालो. आता मात्र हे वाक्य सरळसरळ खोटं होतं.

मी गॅलरीत जाऊन फोन लावला. खरंच सांगायला लावला होता. पण हरेशने मला तोंडच उघडू दिलं नाही. "दादा, रविवारी आपल्या गावच्या टुर्नामेंटची फायनल हाय. तवाच सत्कार ठेवलाय. मोठा पावना येतो. शाल मी सोता जाऊन आनली, पोरीला शोभंल अशी." मी म्हणालो, "बरं." एवढंच. आत आल्यावर बायकोने विचारलं, "बोललात?" मी म्हणालो, "रेंज नव्हती." शेजारी विमानतळ झालेल्या गावात रेंज नव्हती म्हणून सांगणारा मी पनवेल तालुक्यातला एकमेव गृहस्थ असेन.

आणि प्रणालीने माझ्यावर विश्वास ठेवला! तिला वाटलं, काकाला सगळं माहीत आहे आणि तरीही तो तिच्या गेमचं कौतुक करतोय, घरी बसलेल्या पुतणीला जरा बरं वाटावं म्हणून. रविवारी तिने नवा ड्रेस घातला. गाडीत बसल्यावर म्हणाली, "काका भारीच आहे. गेमसाठी सत्कार! मैत्रिणींना खरं वाटत नाहीये." सात महिन्यांत पहिल्यांदा ती मोकळेपणाने हसत होती. आम्ही कंटेनरच्या रांगेत पाऊण तास अडकलो होतो. सांगायला पाऊण तास पुरतो. मी पुढच्या कंटेनरवरचे नंबर वाचत बसलो.

मैदानावर मांडव, खुर्च्या, स्टेजवर पाहुणे आणि पाहुण्यांपुढे पेढ्यांचं मोठं ताट. निवेदकाने माईक हातात घेतला आणि म्हणाला, "अमेरिकेला जे जमला नाय ते आपल्या ताईने करून दाखवला! आता ताई आपल्याला फटक्याचा प्रात्यक्षिक दाखवतील! बॉलिंग टाकनार आपला रोशनशेठ!"

टाळ्या झाल्या. कुणीतरी प्रणालीच्या हातात बॅट दिली. तिने एवढ्या गर्दीतून मला बरोबर शोधून काढलं आणि माझ्याकडे पाहिलं. मी बुटाची लेस बघत होतो. (बुटाला लेस नव्हती.)

तिला तिथूनच निघून जाता आलं असतं. पण ती मैदानात गेली आणि बेसबॉलवाले धरतात तशी बॅट खांद्यावर धरून उभी राहिली. लोक कौतुकाने म्हणाले, "बघ, ष्टाईल बघ." रोशनने बहिणीला म्हणून अगदी हळू बॉल टाकला. हुकला. दुसरा त्याहून हळू टाकला. तोही हुकला. तिसऱ्याला तिने सगळा जोर लावला. बॉल मागे निघून गेला, बॅट हातातून सुटली आणि हवेत गिरक्या घेत थेट स्टेजवर पेढ्यांच्या ताटात पडली. मोठ्या पाहुण्यांच्या मिशीला पेढा लागला. सगळं मैदान हसलं. निवेदक म्हणाला, "मैदान नवीन असल्यामुळे..."

प्रणाली स्टेजवर गेली आणि तिने त्याच्या हातातून माईक घेतला.

"मी बेसबॉल कधीच खेळलेली नाही," ती म्हणाली. "ते अकरा होमरन टीव्हीवरच्या गेममधले आहेत. तेही सोप्या लेव्हलवर. बाबांना हे माहीत होतं. मला वाटलं, त्यांनी तुम्हाला सांगितलंय. सॉरी, काका."

आता हसायला कुणी नव्हतं. हरेश शाल घेऊन उभा होता. मग त्याने ती शाल तशीच तिच्या खांद्यावर घातली. "गेम तर गेम," तो म्हणाला. "मारलंस ना अकरा? मंग झाला. तू कवा खोटा बोललीस, पोरी?" आणि त्याने माझ्याकडे पाहिलं. माझ्या धाकट्या भावाने आजवर माझ्याकडे कधी तसं पाहिलेलं नाही.

परत येताना ती मागच्या सीटवर बसली. गाडीतून उतरताना म्हणाली, "घरी बसले होते ना बाबा, तरी मला माझी लाज वाटत नव्हती. आज वाटली." तेवढं बोलून ती वर गेली, यंत्राच्या वायरी गुंडाळल्या, बॅग भरली आणि रिक्षा करून काकाकडे राहायला गेली. बायको दार धरून उभी होती. ती मला म्हणाली, "आता सांगा लिफ्टमध्ये, घरूनच काम करते म्हणून. फक्त कुणाच्या घरून ते विचारतील."

पंधरा दिवसांनी हरेशचा फोन आला. मला वाटलं, ती येतेय हे सांगायला असेल.

"दादा, तो गेम आमी रोज बगतो. मज्जा हाय रं त्याच्यात. तू बगितलास कदी?"

"नाही."

"त्याच्यान आपला खेळाडू आपन बनवाचा असतो. तोंड, केस, उंची, सगळा. जो अकरा मारलाय ना, तो तिने सोता बनवलेला हाय. टकला हाय, मिशी तुज्यासारखी, पोटबी तुज्यासारखाच फुडं आलेला. पाठीवर तुजा नाव लिवलाय, दिनकर. दादा, तो तूच हाईस."

'बघा ना, स्क्रीनवर आलंय,' असं तिने म्हटलं तेव्हा स्क्रीनवर मी होतो, आणि मी लाईटबिल शोधत होतो.

"अजून खेळतो का तो?" मी विचारलं.

"नाय दादा. त्याला तिने राखीवमंदी बसवलाय. त्याच्या जागी आता मी खेळतो."

एका सामन्यात अकरा होमरन मारलेल्या खेळाडूला कायमचं राखीव बाकावर बसवणं हाही बेसबॉलमधला एखादा जागतिक विक्रम असणार. पण या खेपेला मी कुणाला बोललेलो नाही.