नव्वद सेंटिमीटर

शहर संपून मोहाली सुरू होते तिथल्या एका रस्त्याच्या कडेला वर्षभर नव्वद सेंटिमीटरची एक रिकामी पट्टी होती. सायकलवाले तिच्यावरून जायचे. ती मी चुकून दिली होती आणि समजूनउमजून परत घेतली. तेव्हापासून त्या रस्त्याने जायचं मी टाळतो.

चंदीगडला मी आलो तो रस्त्यावर पट्टे मारायचा रंग विकायला. कारखाना नाशिकचा, मी कराडकडचा, आणि हिंदी, ती सिनेमे बघून शिकलेली. तीन वर्षांत कळलं, की रंग विकणाऱ्यापेक्षा मारणाऱ्याचं बरं चालतं. नोकरी सोडली, एक जुनं मशीन घेतलं, रंग वितळवायची भट्टी घेतली. ओळख कुणाची नव्हती, तोंड होतं. गॅसच्या टाकीपासून रंगाला चमक आणणाऱ्या काचेच्या भुकटीपर्यंत एकही वस्तू मी सांगितल्या भावात घेतलेली नाही. इथल्या मराठी मंडळींत डॉक्टर आहेत, प्राध्यापक आहेत, केंद्र सरकारचे बदलीवाले आहेत. गणपतीत दर वर्षी कुणीतरी नवा विचारतो, "तुम्ही कुठल्या डिपार्टमेंटला?" मी म्हणतो, "रस्त्यावर." तो हसतो आणि दुसऱ्याकडे वळतो. चोवीस वर्षं झाली, अजून मला ते लागतं.

माझ्याकडे अठरा वर्षं एक मिस्त्री होता. पूर्व उत्तर प्रदेशातला, माझ्याहून चारपाच वर्षांनी मोठा, बोलायला कमी. आमच्या कामात रंग मारणं सोपं असतं, मोजणं अवघड. टेपने पूर्ण रस्ता कुणी मोजत नाही. एका जागी टेपने लेनची रुंदी घ्यायची, त्या मापाची बांबूची काठी कापायची आणि मग रस्ताभर ती काठी आडवी टाकत खुणा करत जायचं. खुणांवर खडूची भुकटी लावलेली दोरी ताणायची, टणकन सोडायची. आम्ही त्याला सूत मारणं म्हणतो. त्या सुतावरून मशीन जातं. म्हणजे सगळा रस्ता एका काठीवर उभा असतो, आणि काठी माझ्या मिस्त्रीच्या हातात असायची.

तो ज्या वस्तीत राहायचा तिथून शहरात यायला हाच मोहालीकडचा रस्ता. आतल्या सेक्टरांमध्ये सायकलींना झाडांखालून वेगळी वाट आहे; इथे नाही. इथे दुभाजक, डांबर, कडेचा दगड आणि त्यापलीकडे मातीचा चढउतार. सकाळी त्या वस्तीतल्या बायका सायकलींवरून सेक्टरांमध्ये धुणीभांडी करायला जातात. मिस्त्रीची बायकोही त्यांतलीच.

या रस्त्यावर नवं डांबर पडलं आणि पट्ट्यांचं काम मला मिळालं. दुभाजकापासून कडेच्या दगडापर्यंत साडेदहा मीटर. तीन लेन, प्रत्येकी साडेतीन मीटर. तिसरीची पांढरी रेघ दगडाला चिकटून. पुस्तकात तसंच आहे, निविदेत तसंच होतं.

आमच्या टेपचं पहिलं फूटभर तोंड एका डंपरखाली जाऊन तुटलं होतं. नवी टेप घ्यायची म्हणून मिस्त्री दोन महिने मागे लागला होता. मी म्हणालो, "तीसपासून धर आणि तीस जास्त वाच. टेप काय, हिशोब काय, दोन्ही तेच." त्याप्रमाणे साडेतीन मीटर हवे असतील तर टेपवर तीन मीटर ऐंशी वाचायचं. ते दोन महिने आमचं तसं चाललंही होतं.

काम झालं आणि दुसऱ्या दिवशी मी बघायला गेलो, तर डावीकडे पांढऱ्या रेघेपलीकडे डांबराची काळी पट्टी मोकळी. मोजली. नव्वद सेंटिमीटर. प्रत्येक लेन तीन मीटर वीसची पडली होती. काठी फूटभर आखूड कापली गेली होती, आणि त्या काठीने आम्ही पूर्ण रस्ता आखला होता.

मी मिस्त्रीला सगळ्यांसमोर झाडलं. "अठरा साल में गिनती भूल गया? अफीम खाके आया था?" तो मान खाली घालून उभा. एवढंच म्हणाला, "हो गया सेठ, अब क्या करें."

करण्यासारखं काही नव्हतं. वितळवलेला रंग खरवडून काढायचा म्हणजे नव्या डांबराची साल निघते. मोजणीला रस्ते खात्याचा पोरसवदा इंजिनिअर आला. त्याने रेघांची लांबी मोजली, जाडी मोजली, चमक बघितली. दोन रेघांमधलं अंतर मोजायचं त्याच्या मनातही आलं नाही. मी त्याला चहाबरोबर ब्रेडपकोडा खायला घातला. सही झाली.

पुढच्या काही महिन्यांत मला त्या रस्त्याचं वेगळेपण दिसायला लागलं. मला म्हणजे माझ्या झाडूला. डागडुजीला गेलो की आधी कडेचा रस्ता झाडून घ्यावा लागतो, नाहीतर रंग धरत नाही. या शहराच्या कुठल्याही रुंद रस्त्यावर अर्धा किलोमीटर झाडा, इंडिकेटरचे लाल-पिवळे तुकडे आणि काच घमेलंभर निघते. इथे माती निघाली, पानं निघाली, काच चिमूटभरसुद्धा नाही. मग मी चहाच्या टपरीवर बसून गाड्या बघायला लागलो. रुंद लेन मिळाली की माणूस रस्ता आपल्या बापाचा समजतो. एका हातात फोन, एका बोटावर स्टिअरिंग. इथे दोन्ही बाजूंची रेघ जवळ दिसायची, म्हणून हात आपोआप स्टिअरिंगवर यायचे आणि पाय ॲक्सिलरेटरवरून थोडा वर. कुणी पाटी लावली नव्हती, पोलीस नव्हता. फूटभर कमी केल्यावर माणसं भानावर आली होती.

आणि कडेच्या पट्टीवरून बायका जायच्या. एकीमागे एक, हँडलला डबे अडकवलेले, मोठमोठ्याने गप्पा मारत. पूर्वी त्या दगडाला घासत, मागे वळून बघत जायच्या. एकदा मिस्त्री म्हणाला, "सेठ, घरवाली बोल रही थी, जिसने ये लाइन खींची उसको दुआ लगे."

"उसको बोल, गलती से खींची है," मी म्हणालो.

"बोला. बोली, फिर गलती को दुआ लगे."

मी हसलो. त्या वर्षी मी त्याला रागावलो असेन, पण कमी.

मग पत्र आलं. पाहणी करणाऱ्या कुठल्याशा पथकाने रस्ता मोजला होता. लेनची रुंदी निविदेप्रमाणे नाही. पंधरा दिवसांत स्वखर्चाने दुरुस्त करा, कारणे लेखी द्या, अन्यथा काळ्या यादीत नाव.

मी खात्याच्या साहेबांकडे गेलो. तडजोडीला म्हणून नाही, भांडायला म्हणून गेलो होतो. साहेब पंजाबी, निवृत्तीला आलेले, आवाज कधी न चढवणारे. मी सगळं सांगितलं. काच, झाडू, बायका, सायकली.

"साहब, एक बार चल के देख लो. गाडियाँ धीरे चलती हैं वहाँ."

"ओ जी, धीरे चलती हैं तो जाम लगेगा. फिर भी चिठ्ठी मुझे ही आएगी."

"जाम नहीं लगता. मैंने देखा है."

"तुसी ठेकेदार हो के ट्रैफिक एक्सपर्ट?"

"बाईस साल से सड़क पे बैठा हूँ, साहब. एक्सपर्ट कुर्सी पे बैठते हैं."

ते रागावले नाहीत. त्याचाच मला राग आला. मी म्हणालो, तीन वीस नको, तीन तीस करून देतो, साठ सेंटिमीटर तरी राहू दे. मग म्हणालो, बरं, तीन चाळीस. तीसच राहतील, तीसही चालतील. सायकलला तीस सेंटिमीटर पुरत नाहीत हे मला माहीत होतं. तरीही तोंड थांबेना. आकडा खाली नेत राहायची सवय.

"सब्ज़ी मंडी समझ रखी है?" साहेब म्हणाले. "शहर के अंदर छोटी सड़कों पे कम चौड़ी लेन चलती है, मैं भी जानता हूँ. इस सड़क के कागज़ पे साढ़े तीन लिखा है. कल दो बसें साथ चलीं और शीशे भिड़ गए, तो अदालत में कौन खड़ा होगा? मैं? सायकल का सोचना है तो अलग प्रपोज़ल भेजो. आएगा, जाएगा, किसी दिन मंज़ूर होगा."

त्यांचं चुकीचं नव्हतं. बस रुंद असते, तिचे आरसे आणखी बाहेर येतात. त्यांच्या जागी मी असतो तर तेच बोललो असतो. पण माझ्या जागी ते असते तर काय बोलले असते, हे विचारायची सोय नव्हती.

मग त्यांनी विचारलं, "गलती हुई किससे?"

त्या एका क्षणात मला तो दिवस लख्ख दिसला. दुभाजकापाशी मिस्त्री उकिडवा बसला होता, टेपचा तीसचा आकडा दगडावर दाबून. दुसरं टोक माझ्या हातात होतं, कारण पोऱ्या आला नव्हता. माझ्या खांद्याला फोन होता आणि मी भट्टीच्या गॅसवाल्याशी भावावरून भांडत होतो. टेपवर साडेतीनच्या आकड्यावर बोट माझं होतं. "काट," असं ओरडलोही मीच होतो. वर्षभर मी ते विसरलो होतो, कारण विसरणं परवडत होतं.

"मिस्त्री से," मी म्हणालो.

"लिख के दो. मिस्त्री की लापरवाही. आदमी बदल दिया, ये भी लिखो. मैं दंड नहीं लगाऊँगा. लाइनें दोबारा मारो, बात ख़त्म."

मी तिथेच लिहून दिलं. काळ्या यादीतून नाव वाचलं, दंड वाचला. बाहेर येऊन स्कूटरला किक मारताना मनात आलं, सौदा चांगला झाला. तो विचार माझ्याच डोक्यात आला होता, दुसऱ्या कुणाच्या नाही.

मिस्त्रीला मी काढलं नाही. कागदावर बदलला, कामावर ठेवला. नवी टेप घेतली. त्यानेच साडेतीनची काठी कापली, त्यानेच खुणा केल्या. जुन्या रेघा खरवडायचं मशीन चाललं होतं तेव्हा बायका सायकली हातात धरून बाजूने गेल्या. एकीने विचारलं, "भैया, ये क्यों मिटा रहे हो?" मिस्त्रीने माझ्याकडे बघितलं. मी मशीनच्या आवाजामुळे ऐकू आलं नाही असं दाखवलं.

खरवडलेली रेघ पूर्ण जात नाही. डांबरावर तिचा व्रण राहतो, फिका, पण जवळून दिसणारा. सायकलवाल्यांना तो दिसायचा. सवयीने ते व्रणाच्या डावीकडून जात राहिले. गाडीवाल्यांना दिसायची ती फक्त नवी पांढरी रेघ, पार दगडापाशी. त्यांच्या हिशोबी ती सगळी त्यांचीच लेन होती, आणि लेन रुंद झाल्यावर वेगही परत आला.

दीड महिन्याने, संध्याकाळी सहाच्या सुमारास, एका गाडीचा आरसा मिस्त्रीच्या सायकलच्या हँडलला लागला. गाडी थांबली नाही. तो दगडावर पडला. डावा खांदा आणि मनगट. हाड जुळलं, पण डॉक्टर म्हणाले, हात खांद्याच्या वर जाणार नाही आणि बोटांत पूर्वीचा जोर येणार नाही. दोरी ताणायला दोन्ही हातांचा जोर लागतो.

तो गावी जायला निघाला तेव्हा मी त्याच्या खोलीवर गेलो. बायको गाठोडी बांधत होती. माझ्यासाठी तिने खुर्ची पुसली. मी बसलो नाही. म्हणालो, "एक बात बोलनी है. उस दिन टेप मैंने पढ़ी थी. गलती मेरी थी. मैंने दफ़्तर में तेरे नाम पे लिख दी."

"पता है, सेठ," तो म्हणाला.

"क्या पता है?"

"उँगली आपकी थी. आप गैसवाले को गाली दे रहे थे."

"तो तब क्यों नहीं बोला? मेरी गाली क्यों खाई?"

त्याने बायकोकडे बघितलं. ती गाठ मारत होती. मग म्हणाला, "काठी हाथ में ली तो मालूम पड़ गया कि छोटी है. अठरा साल से हाथ में है, सेठ. बोलता तो आप उसी वक़्त दूसरी कटवाते. मैंने सोचा, इसका रोज़ का आना-जाना है, ज़रा जगह मिल जाएगी. आपकी गाली तो वैसे भी खानी थी."

आयुष्यभर मी प्रत्येक माणसाकडून काहीतरी काढून घेतलं, आणि माझ्या नाकाखाली एका माणसाने मान खाली घालून, एक शब्द न खर्चता, माझ्याकडून पूर्ण रस्त्याची नव्वद सेंटिमीटर जागा मिळवली होती. एवढा पक्का व्यवहार मी कधी केला नाही. आणि तो मी साहेबांच्या खुर्चीसमोर अर्ध्या तासात मोडून आलो होतो.

"वो जगह कितने में छोड़ी, सेठ?" त्याने विचारलं. टोमणा नव्हता. आमच्या धंद्यात एकमेकांना विचारतात तसं विचारलं.

मी आकडा सांगितला नाही. सांगण्यासारखा नव्हता. खिशातून पाकीट काढून गाठोड्यावर ठेवलं. त्याच्या बायकोने ते उचललं, मोजलं नाही, ट्रंकेत टाकलं आणि ट्रंक बंद केली. "चाय पियोगे, सेठजी?" तिने विचारलं. स्टोव्ह तर बांधून झाला होता. मी नको म्हणालो.

सायकलींच्या पट्टीबद्दल अर्ज मी पाठवला. वेगळा प्रस्ताव, साहेब म्हणाले होते तसा, नकाशासकट. पोच मिळाली. साहेब निवृत्त झाले. नवे साहेब म्हणतात, त्या रस्त्याबद्दल फाइलीत आधीच एक तक्रार निकाली निघालेली आहे, कंत्राटदाराच्या माणसाच्या निष्काळजीपणाची. त्यामुळे तो विषय परत काढणं त्यांना योग्य वाटत नाही.

बायका आता सायकलवर बसत नाहीत. दगडापलीकडच्या मातीच्या उतारावरून सायकली हाताने ढकलत नेतात. पाऊस झाला की चाकं रुततात. घरून अर्धा तास आधी निघावं लागतं, असं कुणीतरी सांगितलं. मी विचारलं नव्हतं.