आकसलेलं रीळ

“काका, हे रीळ नाही लावायचं. फाटलं तर मी खलास,” डिमेलोसाहेब म्हणाले.

साहेब वसईचे, इथे कतारला दोह्यातल्या एका हॉलचे मॅनेजर. शो मुक्या सिनेमांचा, सगळे एकाच जुन्या इटालियन माणसाचे. गडी स्वतःच कॅमेरा फिरवायचा, कामं करायचा, पडदे रंगवायचा. विनोदी काढले, लढाईचे काढले, भुताचाही काढला. कशाला नाही म्हणून म्हणाला नाही.

मी इस्लामपूरला टॉकीजमध्ये ऑपरेटर होतो. बायको गेली तसं मुलाने मला इकडे आणलं. तो रास लफानला गॅसच्या प्लांटवर शिफ्टला, मी घरात भिंती बघत. साहेबांना रीळ चालवणारा माणूस हवा होता. आलो.

त्या इटालियनाची पणती रिळं घेऊन आली होती. साहेबांनी नाकारलेल्या रिळात त्या इटालियनाची बायको होती. फक्त ह्यातच. दुसरी कॉपी कुठे उरली नाही.

फिल्म जुनी झाली की आकसते. कडेची भोकं मशीनच्या दात्यांवर बसत नाहीत. ओढ बसली की टरकन फाटते.

“बाईंना विचारा, फाटलं तर?” मी म्हणालो.

साहेबांनी इंग्रजीत विचारलं. मग मला म्हणाले, “डब्यात ठेवून तरी कोण बघतंय, म्हणते. यल्ला, चला. आता तुम्ही आणि ती.”

स्पीड कमी केला. फिल्मला सैल वळसा ठेवला. बोट कडेवर. जरा थरथरली की हाताला कळतं. अशा वेळी नजर मशीनवरच लागते, पडद्यावर नाही.

बाई माझ्या शेजारी, केबिनच्या पडद्याकडच्या काचेला नाक लावून उभी.

“वाइफ कमिंग! यू लुक!”

“नो लुक. यू टॉक.”

“शी लाफ. हजबंड कॅमेरा, सो लाफ.”

मधेच फिल्म कटकट वाजायला लागली. वळसा आणखी सोडला. बाई बोलतच होती. आता नवऱ्याला दटावते, आता टोपी फेकून मारते.

माझी बायको असंच करायची. खाली प्रेक्षकांत बसून सिनेमा बघायची आणि जेवताना मला सांगायची. बरंचसं पदरचं घालायची. मी लावलेले सिनेमे मला तिच्याकडूनच कळले.

रीळ न फाटता संपलं. बाईने डोळे पुसले आणि डबा स्वतः बंद केला.

“कसा होता पिक्चर, काका?” साहेबांनी विचारलं.

“त्याची बायको झकास. नवऱ्याला टोपी फेकून मारते.”

“तुम्ही बघितलात कधी?”

ऑपरेटरने पडद्याकडे बघू नये, हा नियम बरोबर आहे. फक्त सांगणारं माणूस जवळ पाहिजे.