मारुंजीच्या विहिरीत उतरलेला हस्तबीर

हस्तबीर पुन मूळचा नेपाळातल्या डोंगरांतला. मिसरूड फुटायच्या वयात तो गुरखा पलटणीत भरती झाला आणि ब्रह्मदेशाच्या लढाईतून शौर्याचं पदक घेऊन आला. घरी जाऊन बघतो तर आईबाप साथीत गेलेले. तिथं त्याचं मन लागेना. ओळखीच्या एका सुभेदारानं देहूरोडला लष्कराच्या कोठारावर पहारेकऱ्याची नोकरी लावून दिली आणि तो इकडचाच झाला.

कोठाराच्या फाटकाबाहेर जवळच्या मारुंजी गावची गोजाबाई भाजी घेऊन बसायची. ऐन तारुण्यात विधवा झालेली. उन्हात बसलेली पाहून हस्तबीरनं एकदा तिला आपली छत्री दिली, ती परत मागितलीच नाही. पुढं दोघांनी लग्न केलं तेव्हा तिचा थोरला भाऊ भिमाजी चावडीवर सर्वांदेखत म्हणाला, "परमुलखाच्या माणसाचा हात धरला तिनं. आमाला आता बहीण न्हाई."

तरी गोजाबाईनं गाव सोडलं नाही. गावकुसाबाहेर खोपट घालून दोघं राहिली. वाटेत भिमाजी दिसला की हस्तबीर सायकलवरून उतरून रामराम करायचा. भिमाजी तोंड फिरवायचा. पदकाचं कुणी विचारलंच तर हस्तबीर एवढंच म्हणायचा, "सरकारनं दिलं, मी घेतलं." म्हणून पुष्कळांना ती थापच वाटे.

१९५५च्या उन्हाळ्यात गावातल्या दत्तोबाच्या विहिरीचं काम चाललं होतं. खाली काळा पाषाण लागला, म्हणून सुरुंग लावायचे ठरले. चार भोकांत दारू ठासली. वाती पेटवून वर यायचं काम भिमाजीचं होतं. वाती पेटल्या, तो दोर धरून निम्म्यावर आला आणि हात सुटून खाली आदळला. मांडीचं हाड मोडलं. उठता येईना. वाती फुरफुरत होत्या. वरचे लोक आधीच लांब पळाले होते. त्यांना भिमाजीची किंकाळी तेवढी ऐकू आली.

हस्तबीर त्याच वाटेनं ड्युटीवरून घरी येत होता. त्यानं सायकल टाकली आणि विहिरीकडं धावला.

"आरं, सुरुंग हायेत! मागं फिर!" दत्तोबा ओरडला.

तोवर हस्तबीर दोरावरून खाली सरकला होता. कमरेची खुकरी काढून त्यानं एक वात छाटली, मग दुसरी, तिसरी. चौथी जळत भोकात शिरली होती. तिथं हात पोचेना. त्यानं भिमाजीच्या काखेत हात घातले, फोडलेल्या दगडांच्या ढिगाआड त्याला फरफटत नेलं आणि त्याच्यावर पालथा पडला.

जमीन हादरली. विहिरीतून धुळीचा लोट उठला. काठाशी आलेल्या माणसांना वाकून बघायचाही धीर होईना.

मग खालून खोकल्याचा आवाज आला आणि पाठोपाठ हाक. "दोर सोडा! आधी याला घ्या!"

दोघांनाही बैलगाडीत घालून देहूरोडच्या लष्करी दवाखान्यात नेलं. हस्तबीरच्या पाठीत दगडाच्या कपच्या घुसल्या होत्या आणि उजव्या कानातून रक्त येत होतं. गाडी हाकता हाकता दत्तोबानं विचारलं, "लढाईतबी असंच केलं व्हतं का रं?"

हस्तबीर पालथाच पडून होता. दत्तोबाला वाटलं, ऐकू गेलं नसावं. मग तो हळूहळू बोलू लागला. ब्रह्मदेशात शत्रूनं रानातली वाट सुरुंगांनी भरून ठेवली होती. पलटणीतले दोन जण त्यात जखमी होऊन पडले. हा बोटांनी माती चाचपत, पोटावर सरपटत गेला, एकाला ओढून आणलं. दुसऱ्यासाठी पुन्हा गेला तेव्हा खांद्यात गोळी बसली. तरी त्यालाही आणलं.

"भ्या न्हाई वाटलं?"

"तिथं नाही वाटलं. माझं कोण होतं मागं? आज वाटलं. दोर धरला आणि गोजा दिसली."

पुढं कितीतरी वर्षं दत्तोबा हे सांगायचा, आणि सांगताना दर वेळी डोक्यावरचा पटका काढून मांडीवर ठेवायचा.

भिमाजी हिंडूफिरू लागल्यावर काठी टेकत, पाठ चिघळल्यानं अजून दवाखान्यातच असलेल्या हस्तबीरच्या खाटेपाशी गेला. गोजाबाई तिथंच होती. तिनं पदर सावरला.

"दाजी," भिमाजी म्हणाला.

हस्तबीर खिडकीबाहेर बघत राहिला. उजवा कान कायमचा गेला होता. गोजाबाईनं तसं खुणेनं सांगितलं. भिमाजी लंगडत खाटेला वळसा घालून डाव्या अंगाला आला, वाकला आणि पुन्हा म्हणाला, "दाजी."