उशिराचं कारण

आमच्या घरातल्या तीन लग्नांचे चुडे तीर्थपुरीच्या चुडीवाल्या चाचीनंच भरले. बसस्टँडलगत तिची जागा वीसेक वर्षांची. ग्रामपंचायतीनं ती आणि शेजारच्या बायकांच्या जागा हटवायची नोटीस दिली, तेव्हा ती कागद घेऊन माझ्याकडे आली. मी निवृत्त मास्तर. गावात कुणाला सरकारी कागद आला की तो माझ्या दारात येतो, आणि मला ते आवडतं. जरा जास्तच आवडतं.

नोटिशीखाली छापलं होतं, तीस दिवसांत अपील करावं. एका साध्या अर्जाचं काम. पण मी म्हणालो, "चाची, एकटीच्या अर्जाला कोण विचारतं? मी सगळ्यांसाठी थेट खंडपीठात जनहित याचिका करतो."

"तुमी म्हणता तसं, सर. पर जल्दी करा."

खरं सांगतो, त्या वेळी तिचं दुकान माझ्या डोळ्यांसमोर नव्हतंच. पेपरात छापून आलेलं माझं नाव होतं. याचिकेत 'माझा वैयक्तिक स्वार्थ नाही' असं शपथेवर लिहावं लागतं, ते मी झोकात लिहिलं. पुढं माझ्या मनानं भर घातली, 'बाधित महिला निरक्षर व असहाय असून स्वतः न्यायालयात येऊ शकत नाहीत.' वकिलानं विचारलं, हे बराबर आहे ना? मी म्हणालो, बिलकुल.

सुनावणीला चाची माझ्यासोबत आली. भाकरी आणि ठेचा तिनंच बांधून आणला होता. आत उगीच गर्दी कशाला, म्हणून मी तिला दालनाबाहेरच्या बाकावर पिशव्या सांभाळायला बसवलं.

न्यायमूर्तींनी कागद चाळले आणि विचारलं, याचिकाकर्त्याची जागा जाणार आहे का? वकील म्हणाले, नाही. मग ज्यांची जाणार त्या कुठं आहेत? त्यांना अपिलाची वाट आहे, ती त्यांनी का धरली नाही?

वकिलानं माझ्याकडे पाहिलं. दार दहा पावलांवर होतं. पण ती येऊच शकत नाही असं मी शपथेवर लिहिलेलं, आता तिला आत कोणत्या तोंडानं बोलावणार? ज्याचं गाऱ्हाणं त्यानं स्वतः यावं, जनहित म्हणून दुसऱ्याचा वाद असा चालवता येणार नाही, असं सांगून याचिका फेटाळली गेली. शहाण्यानं कोर्टाची पायरी चढू नये, ही म्हण मी वर्गात जन्मभर शिकवली होती.

परतीच्या बसमध्ये चाचीनं विचारलं, "आत काय इचारलं?"

मी सांगितलं, ज्यांच्या जागा जाणार त्या बाया कुठं आहेत म्हणाले.

"मंग मी दारातच बसल्ते की, सर. हाक मारायची."

ती रागावली नाही. रागावली असती तर बरं झालं असतं. तीस दिवस तोवर कधीच उलटून गेले होते.

पुढच्या आठवड्यात जागा गेली. चाची टोपली घेऊन दारोदार फिरू लागली. ती आता माझं तोंड पाहणार नाही असं मला वाटलं होतं, पण ती कोरा कागद घेऊन आली. "अपील लिवून द्या, सर. तुमचं अक्षर चांगलं हाय. पर या टायमाला नाव माझं टाका."

मी लिहायला बसलो. नोटीस, जागा, किती वर्षं, सगळं भराभर उतरलं. शेवटी उशिराचं कारण द्यायचं होतं. खरं कारण एका ओळीचं होतं, गावातल्या मास्तरानं स्वतःच्या मोठेपणासाठी मला थांबवलं. माझा हात धजला नाही. मी लिहिलं, 'अर्जदार निरक्षर असल्याने मुदतीची माहिती नव्हती.'

"वाचून दाखवू?"

"नको. तुमी लिवलंय ना."

अंगठ्यासाठी मी शाईचं पॅड उघडून ठेवलं होतं. तिनं ते बाजूला सारलं, माझा पेन घेतला आणि त्या ओळीखाली उर्दूत, उजवीकडून डावीकडे, सावकाश आपलं पूर्ण नाव लिहिलं. मला मेल्याहून मेल्यासारखं झालं. तरी तो कागद मी तसाच घडी घालून तिच्या हाती दिला.