फरशीच्या सांधीतली हळद

माझ्या सासरच्या माजघरात शहाबादी फरशी होती. जालन्यात आमच्या आळीत तेव्हा दोनच घरांत फरशी; एक आमचं आणि दुसरं वकिलाचं. सासरे तहसिलीत कारकून होते. आल्यागेल्याला आधी जोडे काढायला लावायचे आणि मग करड्या दगडांमधल्या चुन्याच्या पांढऱ्या सांधी दाखवायचे. "सुतात आहे का न्हाई बघा," म्हणायचे. मी घनसावंगीकडच्या खेड्यातली, शेणाने सारवलेल्या जमिनीवर वाढलेली. सारवलेल्या जमिनीवर काही सांडलं तर दुसऱ्या दिवशी ते शेणाखाली जातं. फरशीचं तसं नसतं, हे मला नणंदेच्या हळदीच्या दिवशी कळलं.

नणंद पाटावर बसली होती. मैत्रिणींनी काहीतरी चेष्टा केली, ती हसत उठायला गेली आणि तिचाच पाय लागून हळदीची परात कलंडली. मी शेजारी तेलाची वाटी घेऊन उभी होते. आवाजाने सासूबाई वळल्या, त्यांना मी दिसले.

"लवंडली का सूनबाई?"

नणंदेनं एकदा माझ्याकडे बघितलं आणि मान खाली घातली. नवरी मान खाली घालूनच बसते, त्यामुळे कुणाला त्यात काही वाटलं नाही. मीही बोलले नाही. माझ्या लग्नाला दीड वर्ष झालं होतं, कुठं गप्प बसायचं ते शिकले होते.

दगडावरची हळद पुसून निघाली. सांधीत मुरलेली मात्र चुन्याला लागून लाल झाली. पाटापासून थेट दारापर्यंत, कुंकवाने रेघ ओढावी तशी. त्या दिवशी बायका म्हणाल्या, शकुन चांगला झाला. नणंद सासरी गेली, मांडव उतरला आणि सासूबाईंना ती रेघ खुपायला लागली. "कुंकू पायाखाली येतंय. काढ ते."

मी राखेने घासलं, लाल आणखी गडद झालं. काथ्याने आणि सोड्याने घासलं, तेच. लिंबू पिळलं तेव्हा फेस आला, रेघ पिवळी पडली आणि मला हायसं वाटलं. पाणी ओतून पुसून घेतलं. दुसऱ्या दिवशी सकाळी बघते तर पुन्हा लाल. असे सात-आठ दिवस गेले. स्वयंपाक झाला की मी गुडघे टेकून बसायची. हे जेवायला येताना माझ्यामागून वळसा घालून जायचे आणि जाताना तसेच जायचे.

त्यातच माझे वडील मला न्यायला आले. माझ्या पाठच्या बहिणीचं लग्न आठवड्यावर आलं होतं. आम्ही दोघीच बहिणी. पाचव्या वर्षापासून एका गोधडीत झोपलेल्या.

"विहीणबाई, पोरीला घेऊन जाया आल्तो," वडील ओसरीवरूनच म्हणाले. फरशीवर पाय ठेवायला ते बिचकत.

"पाठवते ना. हा डाग निघू द्या, मंग पाठवते."

"बहिणीचं लग्न है. ती न्हाई म्हणल्यावर कसं व्हावं?"

"माझ्या लेकीच्या हळदीत परात सांडली तिनं. ते बराबर झालं का?"

वडिलांनी पाण्याचा तांब्या उचलला. पाणी प्यायले. जाताना दारात थांबून मला म्हणाले, "जल्दी हात चालव, बाई. परवा गाडी पाठवतो." माझा राग त्या दिवशी सासूबाईंपेक्षा त्यांच्यावर जास्त होता. अजूनही थोडा आहे.

मी ह्यांना म्हटलं, सोनाराकडून तेजाब आणा. त्यांनी आणलं. बाटली ठेवून "जपून" एवढंच म्हणाले. चिंधी काडीला गुंडाळून मी सांधीवर फिरवत गेले. धूर निघाला, खोकला आला, डोळ्यांतून पाणी वाहिलं. चिंधी भिजून बोटांना लागत होती, पण थांबले नाही. संध्याकाळपर्यंत लाल रेघ गेली होती. तिच्याबरोबर चुनाही गेला. जिथं पांढरी सांध होती तिथं बोट जाईल एवढी फट पडली. उजव्या हाताची तीन बोटं सोलली.

सासरे कचेरीतून आले, फट बघितली आणि खाली बसले. "फरशी खाल्ली हिनं," म्हणाले.

दुसऱ्या दिवशी वडिलांनी पाठवलेली गाडी आली. मी लुगडं बदलून तयार होते, हाताला तूप लावून फडकं बांधलं होतं. सासूबाई गाडीवानाला म्हणाल्या, "तिला न्हाई जमायचं. गवंडी येणार है. एवढं करून ठेवलंय तिनं, घरात बाईमाणूस नको का?" मी दाराआड होते. बैल वळताना ऐकले.

बहिणीच्या अक्षता पडल्या त्या दिवशी मी गवंड्याला पाणी देत होते. म्हातारा माणूस होता. त्याने फटीत चुना भरता भरता दारापाशी बोट दाखवलं. तिथं मी तेजाब लावलं नव्हतं, उंबऱ्यापाशी येता येता बाटली संपली होती. तिथली सांध पांढरी होती.

"हिथं ऊन येतंय ना, बाई. हळदीला ऊन लागलं की उडती ती. कवाड उघडं ठेवलं असतं तर आपोआप गेली असती."

मी त्याचा तांब्या भरून आणला.

वर्षाने बहिणीच्या मुलाचं बारसं होतं, तेव्हा मला पाठवलं. ती बाळाला मांडीवर घेऊन बसली होती. त्याचं टोपरं सारखं करत राहिली. मग म्हणाली, "अक्का, तुला जालन्याची फरशी गोड लागली. आमचा मातीतला मांडव कशाला आवडंल?"

मी सगळं सांगितलं. हळद, परात, लिंबू, तेजाब. बोटं दाखवली. ती ऐकत राहिली आणि म्हणाली, "फरशीचा डाग निघंना म्हणून कुणी सख्ख्या बहिणीच्या लग्नाला येत न्हाई का? सांगायचं तर नीट सांग."

मी आणखी काय नीट सांगणार होते? घडलं तेच एवढं क्षुल्लक होतं की खरं वाटत नव्हतं. तिच्या जागी मी असते तर मीही विश्वास ठेवला नसता.

नणंद दर दिवाळीला माहेरी यायची. तिने त्या परातीबद्दल कधी तोंडातून शब्द काढला नाही आणि मीही कधी विचारलं नाही. बहीण मात्र माझ्या घरी कधी आली नाही. आईकडे आमची गाठ पडायची, तेव्हा आईच्या देखत आम्ही पिकापाण्याचं, मुलांचं बोलायचो. आई गेल्यावर तेही थांबलं.