काच गेली कुठे?

माझ्या नणंदेला भोचकभवानी हे नाव तिच्या सख्ख्या आईनेच ठेवलं होतं, तेव्हा त्याचं पाप माझ्या माथी नको. लहानपणी पाहुणे आले की ती त्यांच्या पिशव्यांत डोकवायची. मोठेपणी शेजाऱ्यांकडे नवा फ्रिज आला, तर जुना कुणाला दिला हे कळेपर्यंत तिला चैन पडायचं नाही. मी लग्न होऊन आले तर पहिल्याच आठवड्यात विचारते, "वहिनी, कडी लावल्यावर पुन्हा हात लावून का बघतेस?" मी चिडले होते आणि अजूनही सांगितलेलं नाही.

असल्या मुलीला विमा कंपन्यांसाठी चौकशी करायचं काम मिळालं. आंधळा मागतो एक डोळा, देव देतो दोन. अपघातात माणूस गेला की घरचे भरपाई मागतात, कंपनी म्हणते आधी बघू, आणि बघायला हिला पाठवते. जेवढी खुसपटं निघतील तेवढी कंपनी खूश.

काचवाल्याच्या दाव्यात मी सापडले ती पडद्यांमुळे. पडद्याचं कापड घ्यायला आम्ही दोघी निघालो होतो, आणि "वाटेत जरा काम आहे" म्हणून तिने मला एका टेम्पोवाल्याच्या दारात नेलं.

काचवाला खिडक्यांना, दुकानांना काचा बसवायचा. या टेम्पोत मागे बसून चालला होता, वळणावर टेम्पो उलटला आणि तो जागीच गेला. मागे बायको आणि म्हातारी आई. कंपनी म्हणत होती, मालाच्या गाडीत मालाबरोबर मालाचा माणूस असेल तर आम्ही देणं लागतो, फुकट बसलेल्याचं नाही. आणि टेम्पोवाल्याने तर पोलिसांना लिहूनच दिलं होतं की मी त्याच्याकडून पैसा घेतला नाही, भावासारखा होता. म्हणजे त्या बायकोला कंपनीकडून छदामही मिळणार नव्हता. टेम्पोवाल्याचेच हप्ते थकलेले, तो कुठून देणार?

"फुकट का नेलंत?" नणंदेने विचारलं.

"फुकट कशाला? काचेचं भाडं घेतलं की." त्याचा एक हात प्लॅस्टरमध्ये होता, दुसऱ्याने तो मान खाजवत होता.

"मग पोलिसांना का नाही सांगितलंत?"

"त्यांनी माणसाचं भाडं घेतलं का विचारलं. मालाच्या गाडीत पैसे घेऊन माणसं बसवली तर मलाच आत टाकतील ना, ताई. माझी पाचावर धारण बसलेली. काचेचं कुणी विचारलंच नाही."

याला म्हणतात हात दाखवून अवलक्षण. पण खरं घोडं पेंड खात होतं ते पुढेच. पंचनाम्यात काच नव्हती. टेम्पोची फुटलेली पुढची काच होती, रस्सीने बांधलेल्या दोन जुन्या गाद्या होत्या, बस्स. दुकानाच्या दर्शनी भागाची माणसापेक्षा उंच काच काय हवेत विरली? मला तर टेम्पोवाला थापाड्या वाटला. नणंद मात्र कापडाच्या दुकानातही "एवढी मोठी काच गेली कुठे?" म्हणत राहिली. शेवटी दुकानदार म्हणाला, "बाई, आमच्याकडे फक्त कापड मिळतं."

दुसऱ्या दिवशी ती काचवाल्याच्या घरी निघाली तेव्हा मीही निघाले. खोटं कशाला बोलू, आता मलाही चैन नव्हतं.

दोन खोल्यांचं घर. खिडकीच्या प्रत्येक चौकटीत वेगळी काच, एक धुरकट, एक निळी, एक नक्षीची, सगळी उरलेल्या तुकड्यांतून बसवलेली. बायको "असेल", "माहीत नाही" यापलीकडे बोलेना. नणंदेची नजर आतल्या खोलीत गेली. पलंगावर नुसत्या फळ्या होत्या.

"गाद्या कुठे आहेत हो?"

मी तिला चिमटा काढला. नवरा गेलेल्या बाईला हे विचारायचं का? बाईचं तोंड लाल झालं. मग खाली बघत म्हणाली, "त्यांनी नेल्या. मोठी काच असली की नेतात. दोन गाद्यांच्या मध्ये काच घालायची, बांधायची आणि वर हात ठेवून बसायचं. मी भांडायचे, पण ऐकतील तर ना."

"तुमच्या वकिलाला सांगितलंत हे?"

"काय सांगू? आमचं अंथरूण गावभर फिरतं म्हणून?"

टेम्पो पोलिसांच्या आवारात पडून होता, गाद्या त्यातच. नणंदेने पोलिसाला समोर उभं करून रस्सी सोडायला लावली. आत काच होती. फुटलेली, पण सगळे तुकडे जागच्या जागी. पोलीस म्हणाला, "आम्हाला जुनं सामान वाटलं, कोण कशाला उघडतंय?" आणि त्याने पुन्हा पंचनामा केला.

"कंपनी तुझी कामं बंद करेल," मी तिला म्हटलं.

"करू दे. आत काय आहे ते बघायला पाठवलं होतं, बघितलं."

कामं कमी झालीच. वर कोर्टात कंपनीच्या वकिलाने नवीनच काढलं. काच असेल, पण ती या माणसाची कशावरून? कुणी घर बदलत असेल, गाद्या त्याच्या, काच त्याची आणि हा वर फुकट बसलेला. काच मागवणारा दुकानदार कोर्टाची पायरी चढायला तयार नव्हता, आणि टेम्पोवाल्याने आधी भलतंच लिहून दिलेलं, आता त्याचं कोण ऐकणार? आता सगळं त्या गाद्या कुणाच्या यावर येऊन ठेपलं, आणि काचवाल्याची बायको साक्षीला उभी राहिली.

"आमच्या आहेत," ती म्हणाली. "एकीच्या कोपऱ्याला निळं ठिगळ आहे. मीच लावलं."

"घरात आणखी गाद्या आहेत?"

"नाही."

वकील हसला. "म्हणजे होत्या तेवढ्या सगळ्या काचेभोवती घातल्या? मग त्या रात्री तुम्ही दोघं झोपणार होतात कशावर?"

नणंदेने माझं मनगट घट्ट धरलं. हा प्रश्न त्या दिवशी काचवाल्याच्या घरी तिच्या जिभेवर आला होता आणि तिने गिळला होता, हे तिने मला नंतर सांगितलं.

"त्याच गाद्यांवर," बाई म्हणाली. "काच उतरवली की संध्याकाळी परत आणतो म्हणाले होते. मी चादरी धुऊन ठेवल्या होत्या."

मला रडू आलं, लपवत नाही. वकील खाली बसला. भरपाई कंपनीनेच द्यायची, असा निकाल लागला.