ओकाचा उपास

आसावरीकाकूंना किळस फार लवकर यायची. ओला सिंक, चिकट डबा, दुसऱ्याच्या घरचा टॉवेल, "शी!" म्हणायला त्यांना निमित्तच लागायचं नाही. पण गेल्या जूनमध्ये वटपौर्णिमा आटोपून बायका गेल्यावर त्या मागच्या अंगणात आल्या, आणि त्यांच्या तोंडून "शी"सुद्धा फुटेना.

अमेरिकेत, फ्रीमाँटच्या टेकड्यांना लागून त्यांचं घर. मागे लाइव्ह ओकचं झाड, घराच्याही आधीपासूनचं. बारा महिने हिरवं. लहानशी पानं, उपड्या वाटीसारखी फुगीर, कडेला काटे. उन्हाळ्यात टेकड्या वाळून पिवळ्याधमक होतात, पण याचं काही अडत नाही. हिवाळ्यातला पाऊस मुळांशी साठवायचा, खाडीवरून येणारं धुकं अंगावर घ्यायचं आणि पुढच्या पावसापर्यंत पाण्याचं नाव काढायचं नाही, अशी त्याची रीत. उन्हाळ्यात बुंध्याशी पाणी घातलं की मूळ कुजतं. मोरेश्वरकाकांना हे कळलं त्याच आठवड्यात त्यांनी झाडाखालचं लॉन उपटून टाकलं. "याचा उन्हाळाभर कडक उपास असतो. कुणी मोडायचा नाही," असं ते येणाऱ्याजाणाऱ्याला सांगायचे. दोन वर्षांपूर्वी काका गेले.

आणि मग दोन गल्ल्या पलीकडच्या शिवांगीला या झाडाचा शोध लागला. "काकू, कसला पसरलाय हा! डिट्टो वड! आपली वटपौर्णिमा इथेच करू या ना!" काकूंना नाही म्हणता आलं नाही. भीड भिकेची बहीण म्हणतात ते काही खोटं नाही.

बायका नटूनथटून आल्या. शिवांगीने काकूंना हळूच बाजूला घेतलं. "तुम्ही आत बसलात तरी चालेल हं, काकू. मला काही नाही, यार, पण सासूबाई पुण्याहून आल्यात ना, त्यांना कसंतरी वाटतं." काकू आपल्याच घरात गपचूप आत जाऊन बसल्या. वर सगळ्यांसाठी चहाही टाकला. त्या चहाची त्यांना अजून लाज वाटते.

संध्याकाळी बघतात तर बुंध्याशी दुधापाण्याचा नुसता चिखल. तांबे कमी पडले म्हणून कुणीतरी बागेचा पाइपच सोडला होता. आंबलेल्या पंचामृताला मुंग्या, आंब्याच्या कोयींवर माशा, आणि खोडाला गुंडाळलेलं ओलं सूत. नवऱ्याचं आयुष्य मागायला आल्या होत्या की उकिरडा करायला?

महिन्याभराने खोडातून काळा चिकट रस पाझरू लागला. एक अख्खी फांदी वाळली. झाडांचा जाणकार बोलावला, त्याने बुंध्याची माती उकरली तसा सडका भपकारा आला. तो म्हणाला, मूळ कुजायला लागलंय. आणखी एक उन्हाळा असा ओला गेला तर झाड वाचणार नाही.

यंदा जूनमध्ये शिवांगीचा फोन आला. काकूंनी सगळं समजावून सांगितलं.

"ओ माय गॉड, काकू! बरं, मग आम्ही थोडंसंच घालू. शास्त्रापुरतं."

शास्त्रापुरतं! पंधरा जणींचं शास्त्रापुरतं म्हणजे तळंच की. काकू आणखी बोलणार तोवर फोन बंद झाला होता.

पौर्णिमेला फाटक उघडून, भरलेले तांबे सांभाळत बायका आत आल्या आणि जागच्या जागी थबकल्या. घरातल्याच गाऊनवर, खोडाला पाठ लावून, काकू पाचोळ्यात मांडी घालून बसल्या होत्या.

"या. करा पूजा."

सूत गुंडाळायचं तर काकूंनाही त्यात गुंडाळावं लागणार होतं.

"काकू, प्लीज, थोडा वेळ आत..." शिवांगी म्हणाली.

"का गं? आत का?"

"तसं नाही, काकू..."

"मग कसं? बोल की मोकळेपणी. मीही जन्मभर हाच उपास केलाय. माझा नवरा गेला, म्हणून मी आत बसायचं?"

शिवांगीची मान खाली गेली. यंदाही आलेल्या सासूबाईंनी मात्र पदर गोळा करून घेतला आणि त्या दोन पावलं मागे सरकल्या. अंगणात घाण दिसली की माणूस सरकतो तशा. काकूंनी ते नीट पाहिलं. चिखलाची, माशांची, त्या काळ्या रसाची मिळून आली नव्हती एवढी किळस त्यांना त्या क्षणी आली. वाटलं, उठावं आणि एकेकीला फाटकाबाहेर काढावं. पण उठल्या असत्या तर जागा रिकामी झाली असती. त्या बसून राहिल्या.

हळूहळू ताटं मागे फिरली. भरलेले तांबे भरलेलेच परत गेले. शेवटी शिवांगीने फाटक ओढून घेतलं.

काकूंनी पाठीत रुतलेलं काटेरी पान काढलं. काका गेल्यापासून लोकांना त्यांची जी शिसारी यायची, ती आज पहिल्यांदा कुणाच्या तरी उपयोगी पडली होती. त्यांनी बुंध्याशी हात फिरवून पाहिला. पाचोळा कोरडा ठणठणीत होता.